वैऱ्यांचे वाडवडील

इंदापूरच्या एका हायस्कुलात मी मराठी शिकवायला लागलो, तेव्हा नव्वदचं दशक नुकतंच सुरू झालं होतं. पहिल्या दिवशी शिक्षकखोलीत खिडकीजवळच्या खुर्चीत एक उंच, सावळे, पन्नाशीला टेकलेले गृहस्थ बसले होते. खुर्चीवर घोंगडीचा एक तुकडा चौकोनी घडी करून टाकलेला. कुणीतरी ओळख करून दिली, "हे वाघमोडे सर. इतिहास-भूगोल." मी शेळगावचा, तालुका माझ्या पायाखालचा. काहीतरी बोलायचं म्हणून म्हणालो, "तुम्ही बुडकेवस्तीचे ना, सर?"

"नाही," ते म्हणाले. "उंबरथडीचा."

"ते कुठं आलं?"

"पाण्याखाली."

एवढं बोलून त्यांनी डबा उघडला, अर्धी भाकरी मोडली आणि लसणाच्या चटणीसकट माझ्यापुढं धरली. मला ओशाळल्यासारखं झालं, पण भाकरी मी घेतली. त्या दिवसापासून सात-आठ वर्षं मधल्या सुट्टीत आम्ही एकाच डब्यात जेवलो.

उजनी धरणाचं पाणी चढलं तेव्हा भीमेच्या काठची बरीच गावं उठली. उंबरथडी त्यातलंच, साठ-सत्तर घरांचं. त्या लोकांना वर माळावर, खडकमाळ नावाच्या जुन्या गावाच्या हद्दीत जागा मिळाल्या. खडकमाळकरांना हे आपल्या गायरानात घुसलेले उपरे वाटले. त्यांनी या लोकांना नाव ठेवलं, बुडके. बुडक्यांची वस्ती म्हणून बुडकेवस्ती. पुढं पुढं त्यातली टोचणी गेली, निदान ज्यांना टोचत नव्हतं त्यांना तसं वाटलं. एसटीचा कंडक्टर, पोस्टमन, दुधाचा टेम्पोवाला, सगळे बुडकेवस्तीच म्हणायचे. वस्तीवरची नवी पोरंही म्हणायची. वाघमोडे सर तेवढे म्हणायचे नाहीत. कुणी म्हटलं तर रागवायचेही नाहीत. शांतपणे विचारायचे, "हे नाव कुणी ठेवलं? राहणाऱ्यानं, का बघणाऱ्यानं?"

हा प्रश्न त्यांच्या तोंडात इतका बसला होता की पोरं त्यांची नक्कल करायची. सरांना ते माहीत होतं. एकदा नक्कल चालू असताना ते वर्गात शिरले आणि नक्कल करणाऱ्याला म्हणाले, "आवाज थोडा खाली घे. मी एवढा मोठ्यानं विचारत नाही."

वर्षाच्या पहिल्या दिवशी ते हजेरीपट वाचत नसत. एकेका पोराला उभं करून विचारायचे, "तुला काय म्हणू?" मग कुणी सांगायचं, "पटावर दगडू हाय, सर, पण घरी अण्णा म्हणत्यात." ते म्हणायचे, "मग अण्णाच." एका महाभागानं सिनेमातल्या हिरोचं नाव सांगितलं. सरांनी ते लिहून घेतलं आणि त्या दिवसापासून त्याला त्याच नावानं हाक मारायला लागले, इतक्या गंभीरपणे की दिवाळीनंतर पोरगा स्वतःच आला. "सर, पयलंच बरं हाय." सरांनी तेही लिहून घेतलं.

त्यांच्या घरी पूर्वी मेंढरं होती. वडील चातुर्मास सोडला तर बाहेरच असायचे, मेंढरांमागं. सर सांगायचे की वडिलांना अक्षर येत नव्हतं, पण वाटेत लागणाऱ्या प्रत्येक ओढ्याचं, टेकाडाचं नाव त्यांना ठाऊक होतं, आणि ते नाव तिथल्याच माणसाला विचारून घेतलेलं असायचं. खुर्चीवरची घोंगडी त्यांचीच.

फेब्रुवारीत अभ्यासक्रम संपला की सर नववीच्या वर्गावर एक धडा घ्यायचे. तो कुठल्याच पाठ्यपुस्तकात नव्हता. बारामतीच्या रद्दीवाल्याकडं त्यांना फार पूर्वी एक जाडजूड इंग्रजी पुस्तक मिळालं होतं, जगातल्या जुन्या लोकांविषयीचं. पहिली काही पानं गेलेली. त्यात दोन पानांवर पसरलेलं एक चित्र होतं. अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडचा कोरडा मुलूख, एक प्रचंड तांबडा कडा, आणि त्या कड्याच्या कपारीत दगडात बांधलेलं अख्खं गाव. भिंतीला भिंत लावलेली घरं, चौकोनी खिडक्या, जमिनीतल्या गोल खोल्या. चित्राखाली नाव होतं, अनासाझी. आणि त्याचा अर्थ दिला होता, प्राचीन लोक.

धड्याच्या दिवशी सर घरून कावेचा तांबडा खडा आणायचे आणि फळ्यावर तो कडा काढायचे. शिपाई कुरकुरायचा, "पुसत न्हाय हो सर ते, आठ-आठ दिवस ऱ्हातं." शेजारच्या वर्गातली पोरं खिडकीला लटकायची. मीही एका वर्षी मागच्या बाकावर जाऊन बसलो.

"या लोकांनी मका पिकवला," सर सांगत होते. "दगडाचे बांध घालून पावसाचं पाणी अडवलं. मग दुष्काळ पडला. एक वर्ष, दोन वर्षं, किती तरी वर्षं. शेवटी ते निघाले. मडकी तशीच राहिली. धान्य वाटायचे पाटे तसेच राहिले. कुठं गेले, कुणालाच ठाऊक नाही. आपलं नावसुद्धा सांगून गेले नाहीत. म्हणून जग त्यांना नुसतं अनासाझी म्हणतं. प्राचीन लोक."

इथं ते थांबायचे. वर्गात चाळीस-पन्नास पोरं, पण चुळबुळ नसायची.

त्या दिवशी परत येताना मी विचारलं, "सर, हाच धडा का?"

ते थोडं चालले. म्हणाले, "आमी उंबरथडी सोडली त्या दिवशी आईनं चूल सारवली. ट्रक दारात उभा होता, सामान चढलं होतं. मी म्हणालो, आई, आठ दिवसांत पाणी येणार आहे हितं. ती म्हणाली, येऊ दे की. पाण्याला तरी कशाला घाणेरडी चूल दाखवायची." मग म्हणाले, "त्या लोकांतही अशी एखादी बाई असणार."

ही ती एकच वेळ, जेव्हा त्यांच्या तोंडून माझ्यासमोर 'आमी' आणि 'हितं' आलं. एरवी ते शाळेत शुद्ध बोलायचे.

आणि एका दिवाळीनंतर अमेरिकेहून पत्र आलं.

पत्र सुनंदाचं होतं. ती वडगाव निंबाळकरची, मामाकडं राहून आमच्या शाळेत शिकलेली. नवरा इंजिनियर, त्याच्याबरोबर ती तिकडं गेली होती. सरांनी ते मला वाचायला दिलं, म्हणून त्यातलं बरंच मला आठवतं. नवऱ्याला सुट्टी मिळाली तेव्हा तिनं हट्टानं त्याला त्या कड्यातल्या गावाला नेलं होतं. तिनं लिहिलं होतं, 'सर, तुम्ही फळ्यावर काढायचात तस्संच आहे.' बाहेर रस्त्याकडेला तिथलीच एक पोक्त बाई काळी-पांढरी नक्षी काढलेली मडकी विकत बसली होती. सुनंदानं एक मडकं हातात घेतलं आणि आपल्याला किती माहिती आहे हे दाखवायला म्हणाली, "ही अनासाझींची नक्षी ना? ते नाहीसे झाले ते?"

ती बाई हसली. म्हणाली, "नाहीसे कुठं झाले? मी सकाळीच गाडी चालवत आले."

मग तिनं सुनंदाला बसवून घेतलं आणि सांगितलं. हा शब्द आमचा नाही. तो नवाहो लोकांचा. ते आमचे शेजारी, आमची आणि त्यांची पिढ्यान्‌पिढ्या भांडणं. आमच्या आजे-पणज्यांना ते असं म्हणायचे. त्याचा अर्थ वैऱ्यांचे वाडवडील. गोरे लोक आले, त्यांनी पडकी घरं पाहिली आणि ही कुणाची म्हणून विचारलं ते नवाहोंना. आम्हाला विचारलंच नाही. मग तोच शब्द पुस्तकांत गेला. आम्ही दक्षिणेला नदीकाठी सरकलो, तिथंच आहोत, आमची गावं आहेत, देव आहेत. आता आमची माणसं सांगायला लागली आहेत, की हा शब्द नको. काही शास्त्रज्ञ ऐकायलाही लागले आहेत, ते आमच्या त्या वाडवडिलांना पुएब्लोंचे, म्हणजे आमच्याच लोकांचे, पूर्वज म्हणतात.

पत्राच्या शेवटी सुनंदानं लिहिलं होतं, 'सर, मला फार लाज वाटली. पण तुमचा राग आला नाही.'

सरांनी पत्राची घडी घातली आणि पुन्हा उघडून पहिल्यापासून वाचायला घेतलं. पाचवा तास त्यांचा होता, तो मी घेतला. संध्याकाळी मी म्हणालो, "सर, पुस्तकात होतं ते तुम्ही सांगितलं."

"पुस्तकानं मला फसवलं," ते म्हणाले. "ठीक आहे. पण पोरांना कुठं पुस्तक दिसलं होतं? त्यांना मी दिसलो. मी बघणाऱ्यानं ठेवलेलं नाव शिकवत होतो, जगताप. मी!"

पुढच्याच रविवारी ते पुण्याला गेले, एका मोठ्या वाचनालयात दिवसभर बसले. परत आले तेव्हा वहीची चार पानं भरलेली होती. त्या नवाहो शब्दातल्या पहिल्या अक्षरांचा अर्थ वैरी असा होतो, तसा परका असाही होतो, असं एका नव्या पुस्तकात निघालं. म्हणजे नवाहो माणसाच्या मनात ती शिवी असेलच असं नाही, आपल्या भोवती राहणाऱ्या परक्यांचे पूर्वज, एवढंच असेल. मी म्हणालो, "मग एवढं काय वाईट आहे?" सरांनी माझ्याकडं पाहिलं. "म्हणणाऱ्याला काय वाटतं हे मी शोधून आणलंय. ज्याला म्हणतात त्याला काय वाटतं, ते सुनंदानं कळवलंय. आता दुसरं मोठं."

यानंतर सरांनी जे केलं, ते आठवलं की अजून हसू येतं. त्यांनी जुन्या विद्यार्थ्यांना गाठून चूक दुरुस्त करायला सुरुवात केली. गेल्या पंधरा-सोळा वर्षांतले सगळे नववीचे वर्ग! लग्नात, बाजारात, बँकेच्या रांगेत, कुठंही. इंदापूरच्या स्टँडबाहेर महामार्गाला एक ट्रक थांबला होता, ड्रायव्हर त्यांचा विद्यार्थी. सर पायरीवर चढून केबिनमध्ये जाऊन बसले. खाली क्लीनर टायर ठोकत होता आणि वर सर सांगत होते, "ते नाहीसे झाले नाहीत, बाळू. मी सांगितलं ते चूक होतं." बाळू हात जोडून ऐकत होता. शेवटी म्हणाला, "सर, मला वाटलं कोण वारलं का काय."

वडगाव निंबाळकरला एक विद्यार्थी टोमॅटो आणि वांगी करायचा. त्याच्या शेतात सरांबरोबर मीही गेलो होतो. तो क्रेट भरत होता. सगळं ऐकून प्रामाणिकपणे म्हणाला, "खरं सांगू का सर? तुमी ते शिकवलेलंच मला आठवत न्हाय."

"हे बरं झालं," सर म्हणाले. "आता बरोबर ते लक्षात ठेव." आणि त्याला दोनदा म्हणायला लावलं. निघताना त्यानं पिशवीभर टोमॅटो दिले. सर रस्ताभर खुशीत होते.

त्या फेब्रुवारीत त्यांनी धडा घेतला तो असा सुरू केला, "मी या वर्गात पंधरा वर्षं एक चुकीची गोष्ट सांगत आलो." संपल्यावर एका मुलीनं विचारलं, "मग सर, त्यांचं खरं नाव काय?" सर म्हणाले, "एक नाही. त्यांच्या आजच्या वंशजांतले होपी लोक आपल्या पूर्वजांना एक म्हणतात, झुनी लोक दुसरं. आणि ते लोक स्वतःला काय म्हणायचे, ते आज कुणालाच सांगता येत नाही. माहीत नसलं तर माहीत नाही म्हणायचं. दुसऱ्याचं घेऊन चिकटवायचं नाही."

त्याच सुमारास वस्तीची नोंद कागदोपत्री नव्यानं व्हायची होती. इतकी वर्षं ती खडकमाळच्या पोटातली एक वस्ती म्हणून होती, आता स्वतंत्र गावठाण म्हणून लागणार होती. रहिवाशांनी अर्ज केला तर नाव उंबरथडी लागू शकेल, असं सरांना कचेरीत कळलं. मी त्यांना इतकं उतावीळ कधी पाहिलं नव्हतं.

वस्तीवर त्यांचा एक जिवाचा माणूस होता, नामदेव शेंडगे. लोक त्यांना नामूतात्या म्हणत, सर नाम्या म्हणत, आणि ते सरांना सोप्या. सरांचं नाव सोपान. दोघं उंबरथडीत एकाच वर्षी जन्मलेले, एकाच डोहात पोहायला शिकलेले. शिकून सर इंदापुरात राहायला आले आणि तात्या वस्तीवर पंच झाले. नावासाठी दोघं मिळून सह्या घेत हिंडले. सरांनी शनिवार-रविवार सोडला नाही. घरोघरी बसून सांगायचे, म्हाताऱ्यांचे अंगठे घ्यायचे. पहिली सही त्यांची स्वतःची. सह्यांचे सहा-सात कागद झाले, वर मजकूर नसलेले, नुसते अनुक्रम आणि नावं. मजकूर सर लिहिणार होते आणि माझं अक्षर बरं म्हणून तो मी उतरवून काढणार होतो. पण सरांचा मजकूर संपेना. एकेक वाक्य ते आठ-आठ दिवस घोळवत. तात्या म्हणाले, "सह्या माझ्यापाशी ऱ्हाऊ दे. मजकूर झाला की जोडू." सरांनी कागद देऊन टाकले. नाम्याला द्यायला त्यांना विचार करावा लागला नाही.

एका रविवारी तात्या शेळगावला माझ्या घरी आले. चहा झाला. मग त्यांनी खिशातून एक कच्चा कागद काढला. "वस्तीवर पाण्याची टाकी मंजूर व्हायलीय, सर. त्याचा अर्ज हाय. जरा चांगल्या अक्षरात काढून द्या."

मी लिहायला बसलो. 'आम्ही बुडकेवस्ती येथील रहिवासी' अशी सुरुवात होती. ती मी सहज लिहिली. तीन-चार ओळींनंतर आलं, 'सदर वस्तीची नोंद बुडकेवस्ती याच नावाने कायम व्हावी, त्यास आमची कोणतीही हरकत नाही.' माझं पेन थांबलं.

"तात्या, हे सरांना माहीत आहे का?"

"त्याला मी सांगतो की," तात्या म्हणाले. "माजा दोस्त हाय त्यो. तुमी लिवा."

मी लिहिलं. का लिहिलं, याची बरीच कारणं मी पुढं स्वतःला देत आलो. तात्या मोठे होते, घरी आलेले होते, पाण्याचं काम होतं. खरं म्हणजे अवघड जाईल असं काही मला बोलायचं नव्हतं. पुढचे दहा-बारा दिवस मी रोज सरांसमोर बसून त्यांच्या डब्यातली भाकरी खाल्ली आणि एकदाही विचारलं नाही, की तात्या तुमच्याशी बोलले का.

सरांचा मजकूर अखेर झाला. अर्ज कुठल्या नमुन्यात द्यायचा हे विचारायला ते कचेरीत निघाले आणि मला म्हणाले, "चला, तुम्हालाच उतरवायचा आहे." मी काहीतरी निमित्त सांगायला हवं होतं. तेही जमलं नाही.

कारकून त्यांचा विद्यार्थीच होता. उठून उभा राहिला. म्हणाला, "पण सर, तुमचा अर्ज तर येऊन गेला की. पयली सही तुमचीच हाय."

त्यानं फाईल उघडून पुढं केली. सरांनी चष्मा लावला आणि उभ्या उभ्या वाचलं. मग सह्यांचे कागद एकेक करून पाहिले, शेवटच्या अंगठ्यापर्यंत. परत पहिल्या पानावर आले. कारकुनाला काही कळेना, तो आमच्या दोघांकडं पाहत होता.

"जगताप," सर हळू म्हणाले, "हा 'ये' तुमचा आहे. तुम्ही वरची मात्रा अशीच ओढता."

"सर, तात्या म्हणाले होते की ते तुम्हाला सांगतील..."

"त्यानं नाही सांगितलं." चष्मा काढून त्यांनी त्याची घडी घातली. "तुम्ही रोज समोर होता."

यापेक्षा जास्त ते मला त्या दिवशी बोलले नाहीत, पुढंही कधी बोलले नाहीत. कचेरीतून शाळेपर्यंत आम्ही बरोबर चाललो, आणि वाटेत त्यांनी मला एक सायकल अंगावर येतेय म्हणून बाजूला ओढलंसुद्धा.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत तात्या शाळेत आले. कारकुनानं कळवलं असणार. शिक्षकखोलीत आम्ही दोघंच होतो. मी उठायला लागलो तर सर म्हणाले, "बसा. तुमचंही काम आहे यात."

"सोप्या, आदी ऐकून तरी घे," तात्या दारातूनच म्हणाले.

"या, नामदेवराव. बसा."

तात्यांचा चेहरा उतरला. ते बसले नाहीत. "टाकी मंजूर झालीय ती बुडकेवस्तीच्या नावानं. नाव बदललं की कागद पुन्ना पयल्यापासनं. खडकमाळवाले म्हणले, नावाचा नाद सोडा, आमी टाकीला आडवं येत न्हाय. मी काय करायचं? बाया दीड मैलावरनं पानी आनत्यात. धरणाला गाव दिलं आन्‌ प्यायला पानी न्हाय. तुज्या घरात नळ हाय, सोप्या. तुला नाव सुचतंय."

सर ऐकून घेत होते. तात्यांचं बोलणं खोटं नव्हतं, हे आम्हा तिघांनाही माहीत होतं.

"हे मला येऊन सांगितलं असतं तर?" सरांनी विचारलं.

"तू न्हाय म्हणला असतास."

"हो म्हणालो असतो." सरांचा आवाज पहिल्यांदाच हलला. "माझ्या वहिनीच्या डोक्यावर हंडा मी बघत नाही का? मी हो म्हणालो असतो, नाम्या. तू विचारलंच नाहीस. मी दारोदार जाऊन सांगितलं, उंबरथडीसाठी अंगठा द्या. त्या म्हाताऱ्या-कोताऱ्यांनी माझ्या तोंडाकडं बघून दिला. आणि तू तो ह्याच्याखाली लावलास."

"नाव काय प्यायला येतंय व्हय रं?"

"खडकमाळवाल्यांनी बुडके म्हटलं, त्याचा मला कधी राग आला नाही. ते परके होते. परके आपल्याला काय म्हणतील त्याला इलाज नसतो. आता उद्या कुणी विचारलं, हे नाव कुणी ठेवलं, तर कागद काय सांगेल? राहणाऱ्यांनीच ठेवलं. खाली सह्या आहेत. पहिली सोपान वाघमोडेची."

तात्या दाराकडं वळले. मग टोपी सारखी केली आणि म्हणाले, "मी वाईट माणूस न्हाय, सोप्या."

"मी तसं म्हणालो नाही," सर म्हणाले. "तुम्ही आता या."

'तुम्ही' ऐकून तात्यांनी मान खाली घातली आणि ते गेले.

मी सरांना म्हणालो, हरकत नोंदवता येईल, मी साक्ष देतो, मजकूर कसा लिहिला गेला ते सांगतो. त्यांनी मान हलवली. "टाकी होऊ द्या." आणि ते वर्गावर गेले.

टाकी झाली. तिच्यावर निळ्या रंगात नाव लिहिलं गेलं, त्याच नावाची पाटी पुढं महामार्गाच्या फाट्यावरही लागली. उद्घाटनाला मी गेलो होतो, सर नव्हते. बायका नळाखाली घागरी धरून हसत होत्या. तात्या सगळ्यांना पेढे देत होते. माझ्याजवळ आले तेव्हा त्यांनी पेढा माझ्या हातावर ठेवला आणि माझ्याकडं न बघता पुढं सरकले.

शाळेत सर माझ्याशी अगदी नीट वागायचे. मी रजेवर असलो तर माझा तास घ्यायचे, पेपर तपासायला मदत करायचे. जेवायला मात्र आपल्या वर्गात जाऊन बसायला लागले. म्हणायचे, "तिथं वारा येतो." नववीचा तो धडा त्यांनी पुन्हा घेतला नाही. पोरांनी एकदा आठवण केली तेव्हा म्हणाले, "आता तुमचं परीक्षेचं वाचा." हजेरीच्या पहिल्या दिवशी सरळ पट वाचायला लागले. दोन वर्षांनी ते निवृत्त झाले. निरोप समारंभात सगळे बोलले, मीही बोललो, आणि जे बोलायचं ते सोडून बाकी सगळं बोललो. उत्तरादाखल सरांनी शिपायापासून सगळ्यांचे आभार मानले आणि ते बसले.

निवृत्तीनंतर ते बारामतीला मुलीकडं राहायला गेले. वर्षभरानं मी त्यांचा पत्ता मिळवला आणि एका दुपारी गेलो. नव्या वसाहतीतलं बैठं घर, पुढं पेरूचं झाड. सर आरामखुर्चीत वाचत बसले होते, थोडे वाळलेले. मला पाहून उठले, "या, या" म्हणाले, खुर्ची पुढं ओढून दिली. मुलीनं चहा आणि चिवडा आणला. त्यांनी माझ्या मुलांची विचारपूस केली, शाळेचा निकाल विचारला, शेळगावला पाऊस कसा आहे ते विचारलं. मीही विचारत राहिलो. अर्धा तास असा गेला.

शेवटी मी म्हणालो, "सर, ते कागदाचं... मी त्या वेळी..."

"चहा निवतोय तुमचा," ते म्हणाले.

मी चहा प्यालो. पुन्हा सुरुवात करायचा धीर झाला नाही. ते काही रागात नव्हते. रागात असते तर मला बरं वाटलं असतं.

निघालो तेव्हा ते फाटकापर्यंत पोचवायला आले. शेजारचे एक गृहस्थ कुंपणापलीकडं झाडांना पाणी घालत होते. त्यांनी पाइप खाली धरून विचारलं, "कोण पाहुणं आलं होतं, आबा?"

सर क्षणभर थांबले. शब्द निवडताना थांबायचे, तसेच.

"इंदापूरचे आहेत," ते म्हणाले. "ओळखीचे."

शेजाऱ्यानं मला नमस्कार केला. मी त्यांना केला. सर फाटकाची कडी लावून आत गेले.